2785 मोठा की 2882? दोन काळांतले बुद्धिबळपटू ताडून पाहताना

प्रश्न थोडक्यात असा आहे: कार्लसनचं सर्वोच्च रेटिंग 2882, कास्पारोव्हचं 2851, फिशरचं 2785. लास्कर, कापाब्लांका या शंभर वर्षांपूर्वीच्या जगज्जेत्यांच्या काळी तर रेटिंगच नव्हतं. मग आकड्यांवरून कार्लसन सर्वश्रेष्ठ, असं सरळ म्हणता येईल ना? आनंदची पाच जगज्जेतेपदं सांगतात, त्यातलं 2000 सालचं धरायचं की नाही? आणि कार्लसन मैदानातच नसताना गुकेश जगज्जेता झाला, त्याचं मोल किती? मित्रांशी वाद चाललाय, एकदाचा निकाल लावून द्या.

निकाल लावून देता येणार नाही. वाद कुठे चुकतोय ते मात्र दाखवता येईल. प्रश्न तीन दिसत असले तरी खरी अडचण एकच आहे: एका काळातली मोजपट्टी उचलून दुसऱ्या काळाला लावता येते का? मी बरीच वर्षं स्पर्धांमध्ये पंच म्हणून काम करतो, निकाल रेटिंगसाठी पाठवतो आणि उरलेल्या वेळात मुलांना शिकवतो. 'सर्वश्रेष्ठ कोण' याचं उत्तर तुम्ही श्रेष्ठपण कशात पाहता यावर अवलंबून आहे, आणि त्यात प्रामाणिक मतभेदाला भरपूर जागा आहे. काही उत्तरं मात्र सरळ चुकीची असतात. 'ज्याचं रेटिंग जास्त तो मोठा' हे त्यातलंच एक.

आधी रेटिंग म्हणजे काय ते बघू, कारण निम्मा वाद तिथेच मिटतो. ही पद्धत भौतिकशास्त्राचे प्राध्यापक अर्पाद एलो यांनी बसवली. अमेरिकी संघटनेनं ती 1960 मध्ये घेतली, फिडेनं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ संघटनेनं, 1970 मध्ये. हा आकडा खेळाडूची ताकद सांगत नाही. दोन खेळाडूंमधलं अंतर किती आणि त्या अंतरावरून निकाल काय लागायला हवा, एवढंच तो सांगतो.

एक हिशेब करू. समजा 2870 चा खेळाडू 2720 च्या खेळाडूशी खेळतोय. फरक 150. फिडेच्या तक्त्यात 150 समोर 0.70 लिहिलेलं आहे, म्हणजे वरच्या खेळाडूकडून दर डावाला सरासरी 0.70 गुणाची अपेक्षा (विजयाला 1, बरोबरीला अर्धा गुण). या पातळीवर गुणक 10 असतो. तो जिंकला तर 1 वजा 0.70, गुणिले 10, म्हणजे रेटिंगचे 3 गुण मिळतात. हरला तर 7 जातात. आणि बरोबरी झाली तर 2 जातात! जगातल्या पहिल्या तीसेक खेळाडूंपैकी कुणाशी तरी, बहुधा काळ्या मोहऱ्यांनी, चार-पाच तास झुंजून बरोबरी साधायची आणि घरी जाताना दोन गुण गमवायचे. दहा डावांत सात गुण केले तर आहे तिथेच राहायचं. म्हणून कार्लसनच्या 2882 पेक्षा, जुलै 2011 पासून त्यानं पहिला क्रमांक एकदाही सोडलेला नाही, याचं मला जास्त अप्रूप वाटतं. शिखराचा आकडा एका महिन्याचा असतो. तिथे राहण्यासाठी हा वजाबाकीचा खेळ वर्षानुवर्षं खेळावा लागतो.

आता हाच तक्ता फिशरला लावा. जुलै 1972 च्या यादीत फिशर 2785 आणि दुसऱ्या क्रमांकावर, त्या वेळचा जगज्जेता स्पास्की, 2660. फरक 125. तक्ता म्हणतो 0.67. म्हणजे जगातल्या दुसऱ्या क्रमांकाच्या खेळाडूकडूनही तीन डावांत दोन गुण काढावेत, अशी फिशरकडून अपेक्षा. कार्लसनच्या सर्वोत्तम दिवसांतही दुसऱ्या क्रमांकाशी एवढं अंतर नव्हतं. 1972 मध्ये रेक्याविकला याच स्पास्कीविरुद्ध झालेल्या जगज्जेतेपदाच्या लढतीत काय झालं तेही बघण्यासारखं आहे. निकाल 12.5–8.5. पण दुसरा डाव फिशर खेळायलाच आला नव्हता आणि न खेळलेला डाव रेटिंगला धरत नाहीत. उरलेल्या 20 डावांत त्याचे 12.5 गुण. तक्त्याची अपेक्षा होती 13.4. म्हणजे ज्या लढतीनं तो दंतकथा झाला, तिथे तो स्वतःच्या रेटिंगपेक्षा किंचित कमीच खेळला. खरी अचाट कामगिरी आदल्या वर्षीची: तायमानोवला 6–0, लार्सनला 6–0, मग माजी जगज्जेता पेट्रोस्यानला 6.5–2.5. कँडिडेट्सच्या, म्हणजे जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या, लढतीत 6–0 हा निकाल कुठल्याही तक्त्यात बसत नाही.

मग 2785 च्या पुढे गेलेले आज डझनाहून कितीतरी जास्त खेळाडू आहेत, त्यांचं काय? गुकेशनं 2794 गाठलं, अर्जुन एरिगैसीनं 2800 ओलांडलं, अलीरझा फिरूजानं तर अठराव्या वर्षीच 2800 पार केलं. हे सगळे फिशरपेक्षा मोठे का? गुण खेळाडूंच्या आपसांत फिरत असतात आणि नवे खेळाडू येतात-जातात तसा एकूण साठा कमी-जास्त होतो. सुरुवातीच्या याद्यांत काहीशे नावं होती, आता लाखोंनी आहेत. शिवाय मोजणाराही कधीमधी पट्टी हलवतो. मार्च 2024 मध्ये फिडेनं 2000 च्या खालच्या सगळ्यांची रेटिंग्ज एका सूत्रानं वाढवली: 2000 ला जितके कमी पडतात त्याचे 40 टक्के वर घातले. 1500 चा मुलगा एका रात्रीत 1700 चा झाला. त्याचा खेळ तसूभरही बदलला नव्हता, पण अभिनंदनाचे मेसेज मात्र आले. ही दुरुस्ती योग्यच होती, माझी तक्रार नाही. सांगायचं एवढंच की 1972 चा आणि 2024 चा आकडा शेजारीशेजारी ठेवून वजाबाकी करणं म्हणजे दोन वेगळ्या सालांतले पगार रुपयांत तेवढे मोजण्यासारखं आहे.

इथे एक गोष्ट कबूल करायला हवी. आजचे खेळाडू निव्वळ खेळाच्या दर्जात पुढे आहेत, यात मला शंका नाही. 1972 चा फिशर जसाच्या तसा उचलून आज पटावर बसवला तर ओपनिंगमध्येच त्याची दमछाक होईल, कारण आज चौदा वर्षांच्या मुलाच्या लॅपटॉपमध्ये जे विश्लेषण असतं ते तेव्हा कुणाकडेच नव्हतं. 'मग संगणकालाच विचारा, कुणाच्या खेळी जास्त अचूक' असंही काही जण म्हणतात. त्यात अडचण अशी की आजचा खेळाडू पहिल्या पंधरा-वीस खेळी घरी संगणकावर पाठ करून येतो आणि मग त्याच संगणकाकडून त्याला शाबासकी मिळते. उलट टालसारखा खेळाडू मुद्दाम गुंतागुंत करायचा. संगणक त्याच्या बलिदानात भोक काढतो, पण समोर बसलेल्या माणसाला घड्याळ चालू असताना ते भोक सापडत नव्हतं. म्हणून अचूकतेचा आकडा मी मुलांना त्यांच्याच जुन्या डावांशी ताडायला देतो, दिग्गजांची क्रमवारी लावायला नाही.

तर मी कारकीर्द वाचतो ती अशी: आपल्या काळातल्या इतरांपासून हा खेळाडू किती पुढे होता, किती काळ पुढे होता, आणि त्याच्यासमोर कोणते दरवाजे उघडे होते. तिसरी गोष्ट लोक हमखास विसरतात, म्हणून तिच्यावर जरा रेंगाळतो.

1948 पर्यंत जगज्जेतेपद ही जवळजवळ खासगी मालमत्ता होती. कुणाशी, कधी, किती पैशांवर खेळायचं हे जगज्जेता ठरवायचा. अकिबा रुबिनस्टाइननं 1912 या एका वर्षात पाच मोठ्या स्पर्धा जिंकल्या. लास्करशी त्याची लढत 1914 मध्ये व्हायची होती. महायुद्ध सुरू झालं आणि ती झालीच नाही. पुढे कापाब्लांकानं 1922 मध्ये नियम घालून दिले, त्यात आव्हानवीरानं 10,000 डॉलरचा बक्षीस निधी उभा करायची अट होती. 1927 मध्ये ब्यूनोस आयर्सला अलेखिननं ती लढत मिळवली आणि 34 डावांनंतर कापाब्लांकाचं पद काढून घेतलं. त्यानंतर कापाब्लांका परतीची लढत मागत राहिला. ती त्याला कधीच मिळाली नाही.

लास्करची 27 वर्षं, 1894 ते 1921, हा विक्रम म्हणून सगळे सांगतात. पण बारकाईनं बघा: 1910 नंतर 1921 पर्यंत त्यानं पदासाठी एकही लढत खेळलेली नाही. त्यामुळे 27 या आकड्यानं मी फारसा भारावत नाही. मी भारावतो ते न्यूयॉर्क 1924 च्या तक्त्यानं. जगज्जेतेपद गमावून तीन वर्षं झालेली, वय 55, आणि लास्कर 20 पैकी 16 गुणांनी पहिला. दुसरा कापाब्लांका 14.5, तिसरा अलेखिन 12. म्हणजे त्यावेळचा जगज्जेता आणि होणारा जगज्जेता, दोघे मागे. याच स्पर्धेत रिचर्ड रेती या खेळाडूनं कापाब्लांकाला हरवलं. 1916 नंतर कापाब्लांकानं गमावलेला तो पहिला डाव. लास्करबद्दल एकच कागद दाखवायची वेळ आली तर मी हा तक्ता दाखवेन.

बोटविनिकचं उदाहरण तर याहून मजेशीर. तीन वेळा जगज्जेता: 1948, 1958, 1961. पण जगज्जेता म्हणून पद राखायला तो ज्या पाच लढती खेळला, त्यातली एकही त्यानं जिंकलेली नाही. 1951 ला ब्रॉन्स्टाइनशी 12–12, 1954 ला स्मिस्लोवशी 12–12, आणि बरोबरीत पद जगज्जेत्याकडेच राहायचं. 1957 ला स्मिस्लोवकडून, 1960 ला टालकडून हरला, दोन्ही वेळा वर्षभरात परतीची लढत मिळाली आणि ती जिंकली. 1963 ला पेट्रोस्यानकडून हरला तेव्हा परतीच्या लढतीचा हक्क काढून टाकलेला होता. मग बोटविनिक नियमांच्या जोरावर टिकला का? अर्धं खरं. चाळिशी उलटल्यावर, आपल्याला नुकतंच हरवलेल्या माणसाचा वर्षभर अभ्यास करून त्याला परत हरवायचं, हे दोनदा करून दाखवणं सोपं नाही. पुढे कार्पोव्ह, कास्पारोव्ह, क्रामनिक हे तिघेही त्याच्याच शाळेतून गेले. पण ब्रॉन्स्टाइनला अर्धा गुण जास्त मिळाला असता, तर आज आपण त्याला 'माजी जगज्जेता' म्हणत असतो. केरेस तर कँडिडेट्समध्ये 1953 पासून 1962 पर्यंत सलग चार वेळा दुसऱ्या स्थानावर राहिला. पदांची यादी वाचणाऱ्याला तो दिसतच नाही.

यादीत न दिसणारं आणखी एक नाव म्हणजे युदित पोल्गार. 1991 मध्ये पंधराव्या वर्षी फिशरचा विक्रम मोडून ग्रँडमास्टर, 2005 मध्ये 2735 रेटिंग आणि जगात आठवा क्रमांक, 2002 मध्ये जलद डावात कास्पारोव्हवर विजय. महिलांच्या जगज्जेतेपदासाठी ती कधी खेळलीच नाही, जवळजवळ नेहमी खुल्या गटातच खेळली. 'महिला जगज्जेत्या' असं शोधलंत तर तिचं नाव येणार नाही, आणि ज्याला बुद्धिबळ कळतं त्याला तिच्याशिवाय विषय सुरूच करता येणार नाही.

कास्पारोव्हबद्दल थोडक्यात, कारण त्याच्याबाबत फार वाद नाही. 1984 पासून 2005 मध्ये निवृत्त होईपर्यंत तो जवळजवळ अखंड पहिल्या क्रमांकावर होता. पंधरा वर्षं जगज्जेता, आणि त्यातली सुरुवातीची वर्षं समोर कार्पोव्हसारखा माणूस. 1987 ला सेव्हिलमध्ये 23 वा डाव हरून तो 11–12 असा मागे पडला. पद राखायचं तर शेवटचा डाव जिंकणं भाग होतं. अशा वेळी आपण काय करू? तोफा बाहेर काढू. त्यानं उंटाच्या प्याद्यानं संथ सुरुवात केली, मोहरी पटावर ठेवली, आणि कार्पोव्हला वेळेच्या अडचणीत येऊ दिलं. एका प्याद्याच्या आघाडीवर डाव तहकूब झाला, दुसऱ्या दिवशी 64 खेळींत जिंकला. माझ्या विद्यार्थ्याला 'जिंकायलाच हवं' असा डाव आला की मी त्याला हा डाव लावून देतो. अर्थात हाच कास्पारोव्ह 2000 मध्ये लंडनला क्रामनिककडून एकही डाव न जिंकता हरला. क्रामनिक काळ्या मोहऱ्यांनी खेळत होता त्या बर्लिन बचावाची भिंत त्याला फोडता आली नाही.

आता आनंद. 1993 मध्ये कास्पारोव्ह आणि त्याचा आव्हानवीर शॉर्ट फिडेबाहेर पडले आणि 2006 पर्यंत दोन जगज्जेतेपदं समांतर चालली. 2000 मध्ये आनंदनं फिडेचं बाद पद्धतीचं विजेतेपद जिंकलं, तेहरानच्या अंतिम फेरीत शिरोवला 3.5–0.5 हरवून. त्याच वर्षी लंडनमध्ये क्रामनिकनं कास्पारोव्हला हरवून दुसरं पद घेतलं. म्हणून मी 2000 चं पद धरतो, पण 'फिडे जगज्जेता' असं लिहून. 2007 पासूनचं पद निर्विवाद आहे. आणि खरं तर 2000 चं धरण्याचं वेगळंच कारण आहे. बाद पद्धत, 2007 ची मेक्सिको सिटीची आठ जणांची दुहेरी साखळी, आणि 2008 ला बॉनमध्ये क्रामनिकविरुद्ध समोरासमोर लढत: तिन्ही प्रकारांनी जगज्जेता झालेला आनंदच. या तिन्हींना लागणारे गुण वेगळे. बाद फेरीत एक वाईट दिवस पुरतो, साखळीत तळाच्या खेळाडूंना हरवावं लागतं, लढतीत एकाच माणसासाठी सहा महिने तयारी करावी लागते.

त्याची मला सर्वांत मोठी वाटणारी लढत 2010 ची, सोफियात, आव्हानवीर टोपालोवच्या घरच्या मैदानावर. ज्वालामुखीच्या राखेमुळे विमानं बंद, फ्रँकफर्टहून रस्त्यानं प्रवास, पुढे ढकलण्याची मागणी तीन दिवसांची आणि मिळाला एक. पहिला डाव हरला. शेवटच्या, बाराव्या डावाआधी 5.5–5.5, आणि आनंदकडे काळी मोहरी. बरोबरी झाली असती तर जलद डावांचा टायब्रेक आणि तिथे आनंदचं पारडं जड. टोपालोवलाही ते ठाऊक होतं, म्हणून त्यानं बरोबरीकडे जाणारी वाट सोडून जोखीम घेतली आणि त्याचाच राजा उघडा पडला. आनंदनं त्या डावात वापरला होता तो वजिराच्या गँबिटमधला लास्कर बचाव, शंभर वर्षांपूर्वीचा. आकडा सांगतो 6.5–5.5. त्या एका गुणात काय काय आहे ते डाव लावून बघितल्याशिवाय कळत नाही.

राहिला गुकेश. कार्लसननं 2022 मध्ये पद राखायला खेळणार नाही असं जाहीर केलं, 2023 मध्ये डिंग लिरेन जगज्जेता झाला आणि डिसेंबर 2024 मध्ये सिंगापूरला गुकेशनं त्याला 7.5–6.5 हरवलं. सर्वांत बलवान खेळाडू बाहेर असताना पद मिळाल्याचं हे पहिलं उदाहरण नाही. 1975 मध्ये फिशरच्या सगळ्या अटी फिडेनं मान्य केल्या नाहीत, तो खेळला नाही आणि कार्पोव्हला पद एकही डाव न खेळता मिळालं. कार्पोव्हवर तो शिक्का किती काळ राहिला? पुढची दहा वर्षं तो एकामागून एक स्पर्धा जिंकत राहिला, आणि 1994 ला लिनारेसमध्ये 13 पैकी 11 गुण करून कास्पारोव्हला अडीच गुणांनी मागे टाकलं, तेव्हा 1975 ची आठवण काढणारे फार उरले नव्हते.

गुकेशनं निदान आपलं पद खेळून मिळवलंय. टोरंटोची कँडिडेट्स जिंकून तो सिंगापूरला पोचला होता. चौदाव्या डावात 6.5–6.5, हत्ती-उंटाच्या शेवटात त्याच्याकडे एक प्यादं जास्त, बहुतेकांच्या मते बरोबरीच. तो खेळत राहिला. 55 व्या खेळीला डिंगनं हत्ती चुकीच्या घरात नेला, हत्ती आणि मग उंट अदलाबदलीत गेले आणि राजा-प्याद्यांचा हरलेला शेवट उरला. काही जण याला नशीब म्हणाले. बरोबरीचा डाव चार तास ओढत न्यायचा आणि समोरच्याला प्रत्येक खेळी शोधायला लावायची, हे कार्लसननं केलं की आपण त्याला तंत्र म्हणतो.

तरीही 'गुकेश महान का' हे आज ठरवायची घाई मी करणार नाही. त्याच्या कारकिर्दीत बघण्यासारखं जे आधीच आहे त्यात मी सिंगापूरच्याही आधी 2024 ची बुडापेस्ट ऑलिंपियाड, म्हणजे देशांच्या संघांची स्पर्धा, ठेवेन: पहिल्या पटावर 10 पैकी 9 गुण, आणि भारताला सुवर्ण. मित्रांना रेटिंगची यादी दाखवण्याऐवजी ते दहा डाव एकदा लावून दाखवा, त्यातही अमेरिकेविरुद्ध कारुआनाशी झालेला डाव आधी.